शंभराचा डबा घेऊ नका

नाही नाही नाही — शंभराचा डबा घ्यायचाच नाही, कोणी कितीही गळ घातली तरी नाही — आ करा, मोठा आ — अहो, मी बघितलं ना, मघाशी तुम्ही बाहेर बसला होतात तेव्हा दार उघडं होतं, मोबाइल असा मांडीवर आणि अंगठा असा त्या निळ्या बटणावर, शंभर मोती, नव्वद रुपयांना! ओरडणारच होतो, पण खुर्चीत दुसऱ्या बाई होत्या आणि त्यांच्या तोंडात माझे दोन्ही हात. तेवढ्यात तुम्ही दाबलंतच. गेले नव्वद. जाऊ द्या, आता काय करणार, तुम्ही नवीन आहात या बेटांच्या खेळात — कितवी पायरी? बोटांनी सांगा. चौथी? चौथ्या पायरीवर माणूस अशाच चुका करतो. मान थोडी डावीकडे. हं. आता मुंगी चावल्यासारखं होईल — झालं. झालं की! उगाच खुर्चीचे हात आवळून धरलेत. तरी चिठ्ठीत लिहिलंयच म्हणा, हे बघा — ‘उजवी, खालची, शेवटून दुसरी. कॅपसाठी माप घ्यावे. घाबरतात. गोड बोलावे.’ बोलतोय ना गोड? अक्षर बायकोचं. बाहेर काउंटरवर बसते ना, ती माझी बायको. ती चिठ्ठी पाठवते, मी वाचतो. दार उघडं असताना चिठ्ठी कशाला, असं तुम्ही विचारणार — ते सोडा. ते नंतर. आधी मोती.

दाढ बधिर व्हायला पाच मिनिटं लागतात, तेवढ्यात नीट ऐकून घ्या. आणि हे ठरवून टाकू — दुखलं तर एक बोट वर, खेळातलं काही विचारायचं असेल तर दोन. ठीक? आता इकडे बघा, ही पांढरी पेटी. एक्स-रे लावून बघायची. तिच्यावर काय लावलंय? जबडा नाही, मोत्यांचा भाव! मी स्वतः केलेला तक्ता आहे. दिवा मागून लागला की कसा झकास दिसतो. परवा एक गृहस्थ तो बघून म्हणाले, डॉक्टर, माझी हाडं फारच चौकोनी आहेत हो. तर बघा — शंभराचा डबा नव्वदला. पाचशेचा डबा साडेतीनशेला, म्हणजे शंभराला पडले सत्तर. आणि हजाराचा? तुम्हाला वाटणार, मोठा डबा म्हणजे स्वस्त. सगळ्यांना तसंच वाटतं! त्याच्यावर लाल पट्टी पण लावलीय त्यांनी, ‘सर्वांची पसंती’ — कोणाची पसंती? भागाकार न येणाऱ्यांची! साडेसातशेला आहे तो. शंभराला पंचाहत्तर. छोट्यापेक्षा स्वस्त, मधल्यापेक्षा महाग, आणि वरून पसंती. मी तीन दिवस तो तक्ता बघत बसलो होतो, मला वाटलं माझंच काहीतरी चुकतंय. नाही. घ्यायचा तो पाचशेचा. नेहमी पाचशेचा. लिहून देऊ का औषधाच्या कागदावर?

आणि दुसरं, महिन्याचा पास. तो चांगला आहे, पण रोज जाऊन वीस मोती उचलावे लागतात, एक दिवस चुकला की त्या दिवसाचे वीस बुडाले. मी रोज सकाळी नऊला उचलतो. एकदाच चुकलं, एका पैलवानाची अक्कलदाढ निघता निघेना, दीड तास गेला, मग पुढच्यांची रांग, मग अजून एक दाढ — आणि दिवस संपला. वीस मोती! मी त्यांना म्हटलं सुद्धा, तुमच्या दाढेपायी माझे वीस गेले. त्यांना वाटलं मी जास्तीचे पैसे मागतोय, काढून ठेवले बिचाऱ्यांनी टेबलावर. — घेतले नाहीत. नाही, घेतले नाहीत हो. म्हणजे घेतले होते, हिने परत करायला लावले. आणि तिसरं — कोणी म्हणालं की आमच्याकडे अर्ध्या भावात मोती मिळतील, फक्त तुमचा परवलीचा शब्द सांगा, तर त्या माणसाशी बोलायचंच नाही. मी कशाला बोललो असेन? मी उदाहरण सांगतोय. एका माणसाचं बेट असंच तीन दिवस बंद पडलं होतं, होड्या जाग्यावर कुजल्या. एक माणूस. ओळखीचा आहे माझ्या.

ओठ जड झाला? गाल? सुजल्यासारखा वाटतोय ना, सुजलेला नाहीये, आरसा मागू नका, सगळे मागतात. आता मशीनचा आवाज येईल, फक्त आवाज, बाकी काही नाही. आ. — तर चौथी गोष्ट, सगळ्यात मोठी, आणि हिच्यातच माझी — माझ्या ओळखीच्या — नाही, माझीच. माझीच फसगत झाली. पहिल्या खरेदीवर दुप्पट! माहितीय ना? नवीन खेळाडूने पहिला डबा घेतला की तेवढेच मोती फुकट. पाचशेचे हजार! म्हणजे शंभराला पस्तीस! अहो, पस्तीस! हा आकडा बघितला आणि मला रात्री जेवण गेलं नाही. पण एका माणसाला एकदाच. मग मी विचार केला, माणसं तर भरपूर आहेत. बायकोच्या फोनवर तिच्या नावाने एक बेट उघडलं, हजार मोती. सासूबाईंचा फोन दुरुस्तीला म्हणून आणला, त्याच्यावर उघडलं, हजार. मेहुणा दाढ दाखवायला आला, दाढ ठणठणीत होती, पण हजार मोती त्याचेही. आपल्या कॅपा बनवून देतो तो कॅपवाला, त्याचे हजार. आणि एक जुना फोन पडला होता, त्याला कोणी माणूस उरेना — तर हा बघा, कपाटावर, प्लास्टरचा जबडा, पेशंटना ब्रश कसा फिरवायचा ते दाखवायला ठेवलाय — याच्या नावाने. ‘जबडा’. वय बत्तीस टाकलं, दात तेवढेच आहेत म्हणून. पाच बेटं, पाच हजार मोती, शंभराला पस्तीस! त्या दिवशी मी पेशंटची दाढ काढताना गुणगुणत होतो. आणि मग म्हटलं चला, आता हे सगळे मोती आपल्या बेटावर आणू.

येत नाहीत.

दोन बोटं कशाला, सांगतो ना! येतच नाहीत. एका बेटाचे मोती दुसऱ्या बेटावर जात नाहीत. कुठे लिहिलंय? लिहिलंय! नियम क्रमांक एकोणीस, बारीक अक्षरात. मी, जो माणूस टूथब्रशच्या खोक्याची मागची बाजू सुद्धा वाचतो, त्याने एकोणीस नंबर वाचला नाही, कारण डोळ्यापुढे पस्तीस नाचत होते. मोती देता येत नाहीत, मोत्यांनी घेतलेली वस्तू तेवढी भेट देता येते — आणि ती पण कधी? तिसाव्या पायरीनंतर. माझं बेट चौतिसाव्या पायरीवर आहे, पण ही पाच? पहिल्या! मग काय करणार, कंबर कसली, म्हटलं पाचही बेटं तिसाव्या पायरीवर न्यायची. दोन महिने! एक पेशंट चूळ भरतोय तेवढ्यात जबड्याच्या झाडांना पाणी, दुसऱ्याचा एक्स-रे निघतोय तेवढ्यात कॅपवाल्याच्या होड्या. सासूबाईंच्या बेटासाठी तर रोज संध्याकाळी त्यांच्याकडे जायचो. त्यांना वाटलं जावयाला एकाएकी माया फुटली! सगळीकडे सांगत सुटल्या, आमचे जावई रोज येतात, माझा फोन सुद्धा पुसून देतात — बोट? दुखतंय? नाही? हसताय? हसू नका हो, मशीन चालू आहे, मी हात थांबवतो, हसून घ्या एकदाचं.

झालं? आ. — आता चिठ्ठीचं. सांगायचं नव्हतं खरं तर, पण तुम्ही कोणाला सांगणार, तोंडात कापूस आहे. अकरा दिवस झाले, ही माझ्याशी बोलत नाही. अबोला! लग्नाला सव्वीस वर्षं झाली, भांडणं झाली, आदळआपट झाली, अबोला कधी दोन तासांच्या वर गेला नाही, कारण तिला बोलल्याशिवाय राहवत नाही आणि मला ऐकल्याशिवाय. आणि आता अकरा दिवस चिठ्ठ्या. घरी सुद्धा! सकाळी उठलो की टेबलावर चिठ्ठी — ‘नाश्ता झाकून ठेवला आहे. गरम करून घ्यावा.’ घ्यावा! कोणी घ्यावा? दोघंच तर आहोत घरात! बाथरूमच्या दारावर — ‘गिझर बंद करण्यात यावा.’ मी काय सरकारी कचेरी आहे का? चिठ्ठीला उलट चिठ्ठी लिहून बघितली, ‘कळावे, आपला नवरा.’ त्याच्यावर पोच आली. तारखेसकट.

झालं काय, मी तिच्या फोनवर बेट उघडलं ते तिला एके दिवशी सापडलं. तिने काय करावं? विचारावं ना मला! नाही, तिने बेट बघितलं, हजार मोती बघितले, आणि दुकानात गेली. नऊशे ऐंशी मोती एका फटक्यात. कशाचे? होडी नाही, गोदाम नाही, दीपगृह नाही — बदकं! सात बदकं! एका रांगेत चालतात. बेटाला चक्कर मारतात, पुन्हा चक्कर मारतात. पतसंस्थेतल्या रांगेसारखी, एकाच्या मागे एक. आणि ती ताटावरून उठून माझ्याकडे आली, हात खरकटा, दुसऱ्या हातात फोन, म्हणाली, अहो बघा ना, शेवटचं कसं मागे राहतं आणि मग धावत येतं. तिचा चेहरा असा — असा चेहरा मी पुष्कळ दिवसांत बघितला नव्हता. आणि मी काय म्हणालो माहितीय? म्हणालो, अंडी देतात का?

म्हणाली, नाही. म्हटलं, मग करतात काय? म्हणाली, चालतात. म्हटलं, नऊशे ऐंशी मोती, नुसतं चालायला? — इथवर सुद्धा निभावलं असतं हो. सव्वीस वर्षांची सवय आहे तिला. पण मी काय केलं, औषधाचा कागद घेतला आणि मांडून दाखवलं, नऊशे ऐंशीत तीन होड्या आल्या असत्या, होडी दिवसाला इतकी मासळी आणते, म्हणजे वर्षाला इतकी — सात बदकांमुळे वर्षाला किती मासळी बुडाली ते काढून दिलं. खाली रेघ मारली. दोन रेघा मारल्या. तिने शांतपणे कागद बघितला, म्हणाली, मला आवडलेली एक वस्तू अशी सांगा, की जिचा भाव तुम्हाला आठवत नाही. आणि मी गाढव — मला वाटलं कौतुकाने विचारतेय! म्हटलं अशी कशी असेल, सगळे आठवतात! आणि लागलो सांगायला. बैठकीतले पडदे, दोन खिडक्यांचे घेतले म्हणून तिसऱ्याचं शिवणं फुकट. ती निळी शाल, मोसम संपल्यावर, चाळीस टक्के सूट. कानातले, पण ते एका कानातलं हरवलं तेव्हा, एकच बनवून घेतलं, जोडी घेतली असती तर दुप्पट. ती ऐकत होती. मला वाटलं, बघ कशी चकित झाली! वीस-बावीस वस्तू सांगितल्या मी. सुट्ट्या पैशांसकट. मग ती उठली, हात धुतला, आणि त्यानंतर आजपर्यंत — ‘गरम करून घ्यावा.’

थुंका. नीट चूळ भरा. ओठावरून ओघळतंय, राहू द्या, बधिर असल्यावर कळत नाही. टिपा. — आता माप. हा चमचा बघा, याच्यात गुलाबी लगदा आहे, तो दातांवर बसवायचा आणि चार मिनिटं घट्ट दाबून ठेवायचा, हलायचं नाही. नाकाने श्वास. आ — बसला. ओठ मिटा. असं. आता चार मिनिटं तुम्हाला कुठे जायचं नाही आणि मलाही कुठे जायचं नाही. गाडी कितीची आहे? तुमची नव्हे हो, हिची! एकची गाडी आहे हिची. येताना काउंटरखाली निळी बॅग दिसली ना? अडखळला असाल, सगळे अडखळतात. बहिणीकडे चाललीय. तशी जाते म्हणा वर्षातून एकदा, पण या खेपेला — तिकीट बघितलं मी. तिच्या वहीत होतं. फक्त जायचं काढलंय. एकेरी. अहो, जायचं-यायचं एकदम काढलं तर दहा टक्के सूट मिळते! हे तिला माहितीय, मीच तिला सांगितलंय, सव्वीस वर्षं आम्ही दुहेरी तिकीट काढतोय. आणि तिने एकेरी काढलं. दहा टक्के सोडून दिले तिने. तुम्हाला नाही कळायचं. मी ते तिकीट हातात धरून उभा होतो.

मला करमत नाही हो. खरंच सांगतो. ती बोलत नाही तर दवाखान्यात नुसता मशीनचा आवाज. पूर्वी पेशंट खुर्चीत बसला की ती बाहेरून ओरडायची, अहो, यांना साखरेचा त्रास आहे, अहो, यांनी मागची फी दिली नाही, अहो, यांच्या मुलीचं लग्न ठरलं, अभिनंदन करा! मी वैतागायचो. आता जो येतो तो चिठ्ठी घेऊन येतो आणि मला कोणाच्या मुलीचं काहीच कळत नाही. आणि त्या खेळात — ताफा असतो ना, दहा-बारा बेटांनी एकत्र यायचं — तर माझा ताफा म्हणजे मीच, ही, सासूबाई, मेहुणा, कॅपवाला आणि जबडा. हिचं बेट सगळ्यात आधी जोडलं म्हणून प्रमुख ही झाली. बदकांवरून बिनसलं त्याच संध्याकाळी मला निरोप आला, ‘दाढ यांना ताफ्यातून काढण्यात आले आहे.’ दाढ म्हणजे मी. जबडा अजून ताफ्यात आहे! प्लास्टरचा! आणि मी नाही! — मान हलवू नका, माप बिघडेल. पण ऐका, ताफ्यातून काढलं, मैत्रीच्या यादीतून नाही काढलं. विसरली असेल? ती काही विसरत नाही. म्हणजे मुद्दाम ठेवलं? काय वाटतं तुम्हाला? दोन बोटं म्हणजे मुद्दाम. — दोन? नक्की? नाही, तुम्ही गोड बोलताय.

आता बघा, बदकं कोरड्यात चालतात. अकरा दिवस मी बघतोय, तिच्या बेटावर लांबून जाता येतं. धुळीत चालतात बिचारी, पाणी नाही कुठे. दुकानात एक तळं आहे. कमळं-बिमळं नाहीत, साधं, पण बदकं त्याच्यात उतरतात म्हणे. सहाशे मोती. आणि ते तळं उद्या सकाळी दहाला तीनशेला मिळणार आहे! मोठा सेल आहे उद्या, सगळ्या शोभेच्या वस्तू निम्म्या भावात, मी महिनाभर वाट बघतोय. आज सहाशे, उद्या तीनशे. आणि गाडी आज एकला. आत्ता सव्वाअकरा — पावणेतेवीस तास! फक्त पावणेतेवीस तास ती थांबली असती तर — पण थांब म्हणणार कोण? मी म्हणालो असतो. काय म्हणणार पण? तीनशे मोती वाचताहेत म्हणून थांब? तेच तर नको ना तिला! एवढं मलाही कळतं हो. उशिरा कळतं, पण कळतं.

अजून अडीच मिनिटं आहेत. माझ्याकडे मोती किती? चारशे दहा. हवेत सहाशे. एकशे नव्वद कमी. घ्यायचा तो पाचशेचा डबा, साडेतीनशेला — आणि उरलेले तीनशे दहा पडून राहणार, पण भाव चांगला! की शंभराचे दोन घ्यायचे, एकशे ऐंशीला, म्हणजे पैसे कमी जाणार पण भाव — नव्वद! शंभराला नव्वद! देवा. चौतिसाव्या पायरीवरचा माणूस शंभराचे दोन डबे घेतोय, तेही सेलच्या आदल्या दिवशी, एका तळ्यासाठी, ज्याच्यात मासे नाहीत. माझ्या हाताला घाम सुटलाय बघा हातमोज्यात. — घेऊ? अंगठा लावायचा आहे. लागत नाही. का लागत नाही? हातमोजा! थांबा, काढतो. — ओला अंगठा लागत नाही. पुसतो. तुमच्या गळ्यातल्या रुमालाला पुसू? पुसला. — लागला. एक डबा. गेले नव्वद. अजून एक. गेले. इतकं जिवावर आलं ना, पहिल्यांदा कोणाची दाढ काढली तेव्हा पण आलं नव्हतं. आता तळं. ‘भेट म्हणून पाठवा’. कोणाला — हिला. ‘सोबत दोन शब्द लिहा’. काय लिहू? लवकर सांगा! तुम्हाला बोलता येत नाही, बरोबर. काय लिहू — भाव लिहायचा नाही. काहीही झालं तरी भाव लिहायचा नाही. ‘त्यांना पोहता येतं का बघ.’ बरं आहे? जरा बावळट आहे. जाऊ दे. पाठवलं.

बाहेर वाजला! तिचा फोन वाजला, ऐकलंत? छोटीशी घंटा. — काहीच नाही. वाचत असेल. चष्मा शोधत असेल, चष्मा डोक्यावर असतो तिच्या. — अजून काहीच नाही. खुर्ची सरकली. बॅगेची चेन तर नाही ना ती? चेन होती का? तुमचे कान तरुण आहेत, सांगा ना! — एक बोट? दुखतंय? अरे बापरे, तुमचा चमचा! चार मिनिटं कधीच होऊन गेली, सहा झाली, आ करा, जोर लावतो, धरा, धरा खुर्ची — निघाला! काय सुरेख माप आलंय बघा, एकेक रेघ उठलीय. बोलू नका, आत्ता बोलू नका, मला ऐकू द्या —

काय म्हणाली? ऐकलंत ना तुम्ही पण? ‘अहो, उद्या निम्म्यात मिळालं असतं की!’ — ओरडली! माझ्यावर ओरडली! अहो म्हणाली! अकरा दिवसांनी! केवढ्याने ओरडली, समोरच्या दुकानात ऐकू गेलं असेल! — अगं हो, माहितीय मला, उद्या सेल आहे, माहिती होतं मला! — हो! माहिती असून घेतलं! — नाही, डोकं ठिकाणावर आहे! — शंभराचे दोन! — हो, शंभराचे! — गप्प झाली. पुन्हा गप्प झाली. मी भाव सांगायला नको होता का? तिने विचारलं म्हणून सांगितला. विचारलं तर सांगायचं ना? आता काय करतेय? थांबा, मशीन बंद करतो, हे गुरगुरणारं पण बंद करतो. हं. फोन लावतेय कुठेतरी. बहिणीला? बहिणीला असेल तर हळू बोलेल. नाही, मोठ्याने बोलतेय.

गाडीच्या कचेरीत लावलाय! — ‘एकची गाडी, एक तिकीट, रद्द करायचंय’ — श्श! — ‘किती कापणार? निम्मे? निम्मे कशाला? गाडी सुटायला दीड तासाच्या वर वेळ आहे अजून, अहो, तेवढ्यात तुम्ही ती जागा दोनदा विकाल’ — ऐकताय? निम्मे नाही देणार ती. ‘पंचवीस टक्के? कुठल्या नियमाने? मागच्या बाजूला काय छापलंय ते वाचा, मी वाचलंय’ — वाचलंय! मागची बाजू वाचलीय हिने! दहावर आणेल बघा. नाही, पूर्ण परत घेईल. तुम्ही हसू नका, मी रडत नाहीये, त्या लगद्याची पूड डोळ्यात जाते. — तुम्ही उठा आता. कॅप पुढच्या सोमवारी, उजवीकडून दोन तास चावू नका. फी? फी ती घेते बाहेर, पण आज तिकडून नको, आज मागच्या दाराने जा. आणि दार हळू लावा, ती फोनवर आहे.